लग्नपत्रिका आली? उघडण्याआधी फाईलीचं शेपूट बघा!

गावच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक फाईल येते. नाव असतं 'लग्नपत्रिका', 'पीएम किसान यादी' नाहीतर 'आरटीओ चलन'. नंबर ओळखीचा असतो, म्हणून आपण पटकन बोट लावतो. इथंच घात होतो. अशा फाईलींमुळे देशभरात अनेकांच्या खात्यातले पैसे गेले आहेत.

नावावर जाऊ नका

फाईलीला नाव कुणीही काहीही देऊ शकतो. तिचा प्रकार कळतो तो शेवटच्या टिंबानंतरच्या इंग्रजी अक्षरांवरून. पीडीएफ म्हणजे कागदपत्र, जेपीजी म्हणजे फोटो, एमपी४ म्हणजे व्हिडिओ. पण ए-पी-के ही अक्षरं दिसली तर ती पत्रिका नाही, यादीही नाही. ते फोनमध्ये बसणारं ॲप आहे. 'पत्रिका.पीडीएफ.एपीके' असं नाव असलं तरी शेवटचंच शेपूट खरं.

पैसे जातात कसे?

असं ॲप इन्स्टॉल होताना मेसेज वाचायची परवानगी मागतं. आपण 'अलाऊ' दाबलं की बँकेचा ओटीपी परस्पर चोराच्या हाती लागतो. पुढं तीच फाईल आपल्या नंबरवरून पाहुण्यारावळ्यांनाही जाऊ शकते. म्हणून पाठवणारा ओळखीचा असला तरी आधी त्याला फोन करून विचारा. सरकारी योजनेचं ॲप हवं असेल तर ते प्ले स्टोअरवरूनच, नाव नीट तपासून घ्या.

चुकून इन्स्टॉल झालं तर?

- लगेच मोबाईल डेटा आणि वायफाय बंद करा.
- दुसऱ्या फोनवरून बँकेला कळवून खातं आणि यूपीआय बंद करायला सांगा.
- पैसे गेले असतील तर वेळ न घालवता १९३० वर तक्रार करा. जितका उशीर, तितके पैसे अडवणं अवघड.
- ते ॲप काढून टाका. निघत नसेल तर जाणकाराकडून फोन रिसेट करून घ्या.

आपल्या फाईलींना नीट नाव द्या

सातबारा, पीकविम्याची पावती डाऊनलोड केली की नाव बदलून ठेवा. उदाहरणार्थ, 'सातबारा-गट१२४-२०२५-०६'. आधी वर्ष, मग महिना लिहिला की कागद क्रमानं लागतात. '७/१२' असं लिहू नका, फाईलीच्या नावात तिरकी रेघ चालत नाही. आपले कागद नावानिशी ओळखता आले, की त्यात घुसलेली परकी फाईल लगेच डोळ्यात भरते.

घरातल्या म्हाताऱ्या माणसांना हे आजच दाखवून ठेवा.