चौकटीमागून चौकट : प्रमोद पती यांचे चित्रपट

मुंबईतील फिल्म्स डिव्हिजन ही १९४८ साली स्थापन झालेली केंद्र सरकारची संस्था होती. तिचे माहितीपट मुख्य चित्रपटाआधी दाखवणे चित्रपटगृहांना बंधनकारक असल्यामुळे प्रेक्षकांनी ते बहुधा नाइलाजानेच पाहिले. तरीही भारतीय प्रायोगिक चित्रपटाचे काही अत्यंत धीट नमुने याच सरकारी संस्थेतून निघाले आणि त्यांतील अनेक प्रमोद पती (१९३२–१९७५) यांचे आहेत. ओडिशात जन्मलेल्या पतींनी चेकोस्लोव्हाकियात यिरी त्रन्का यांच्याकडे बाहुल्यांच्या अ‍ॅनिमेशनचे शिक्षण घेतले, आणि निर्जीव बाहुली तसूतसूने हलवून तिला पडद्यावर चालती करण्याची ती विद्या पुढे जिवंत माणसाला लावली.

या तंत्राला पिक्सिलेशन म्हणतात. त्यात नट एका पवित्र्यात स्तब्ध उभा राहतो, कॅमेरा एक-दोन चौकटी टिपून थांबतो, नट किंचित सरकून पुन्हा स्तब्ध होतो, आणि हा क्रम तासन्‌तास चालतो. सेकंदाला २४ चौकटी या हिशेबाने पाच मिनिटांच्या चित्रपटाला ७२०० चौकटी लागतात. एकेका पवित्र्याच्या दोन-दोन चौकटी घेतल्या तरी पवित्रे ३६०० होतात. चित्रकार आबिद सुरती यांना घेऊन केलेल्या 'आबिद' (१९७२) या छोटेखानी रंगीत चित्रपटात खोलीच्या भिंती रंगांनी भरत जातात आणि चित्रकार स्वतःच त्या चित्राचा एक हलता भाग होऊन जातो. भिंतीवर एकदा चढलेला रंग सहजासहजी उतरत नाही, त्यामुळे अशा चित्रीकरणात चुकलेली चौकट पुन्हा घेण्याची सोय फारशी नसते.

लक्षपूर्वक पाहिल्यास पिक्सिलेशनमधील माणूस कधीच पुरता स्थिर दिसत नाही, कारण बाहुली ठेवली तशी राहते, पण माणूस श्वास घेतो, त्याचा खांदा खाली येतो आणि दोन चौकटींच्या मधल्या वेळात सदऱ्याच्या चुण्या वेगळ्या पडतात, ज्यामुळे पडद्यावर त्याचे कपडे उकळल्यासारखे थरथरतात. काटेकोर अ‍ॅनिमेशनच्या दृष्टीने हा दोषच. 'आबिद'ची खरी जान मात्र या थरथरीतच आहे.

'एक्सप्लोरर' (१९६८) मध्ये हीच चौकटीची जाण संकलनात उतरते : नाचणारे तरुण, धार्मिक प्रतिमा आणि विज्ञानाची उपकरणे इतक्या झपाट्याने एकमेकांवर आदळतात की अर्थ लावण्याआधीच चित्र बदललेले असते, आणि ज्या अधिकारवाणीच्या निवेदनावरून फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट ओळखावा, ते निवेदन येथे नाहीच. त्याच वर्षीच्या 'क्लॅक्सप्लोजन'मध्ये कुटुंबनियोजनाचा संदेश आहे, पण तो ठिगळासारखा वाटतो; पतींचे मन हालचालीत गुंतले होते, प्रचारात नव्हे. मात्र प्रचाराची ही सरकारी गरज नसती, तर त्यांना फिल्म, प्रयोगशाळा आणि पगार कोणत्या निर्मात्याने दिला असता, हे सांगणे कठीण आहे. त्या काळच्या व्यावसायिक चित्रपटधंद्यात अशा कामाला गिऱ्हाईक नव्हते.