कावेरीकाठची गुळवेल: अडीच शतकांचा मागोवा

तिरुवैयारूच्या खाली, कावेरीच्या फाट्यांवर वसलेल्या गावांत परसाच्या कडेला पूवरसु दिसतो. आपला पारोसा पिंपळ. त्याचे पान हृदयाच्या आकाराचे. त्यावर चढलेल्या गुळवेलीचे, म्हणजे तिथल्या सीन्दिल कोडीचे पानही तसेच. त्यामुळे नुसत्या पानावर भरवसा ठेवून चालत नाही. देठ पाहावा: गुळवेलीचा देठ बुडाशी फुगीर असतो आणि तिथेच किंचित पीळ घेतो. मग खोडाकडे यावे. जुन्या खोडावरचा करडा पापुद्रा नखाने सहज सुटतो आणि आत हिरवे खोड लागते. बोटभर जाडीची कांडी आडवी कापली, तर चाकाच्या आऱ्यांसारख्या फाका दिसतात. चव कडू. वरून दोऱ्यांसारखी हवाई मुळे लोंबत असतात. कुणी बुंधा तोडला, तरी वरची वेल नवी मुळे खाली सोडते आणि ती मातीला टेकली की पुन्हा उभी राहते.

या प्रदेशातल्या वनस्पतींची पाश्चात्त्य पद्धतीने नोंद व्हायला लागली ती किनाऱ्यावरच्या तरंगंबाडीत. डेन्मार्कच्या ताब्यातल्या या गावी 1768 मध्ये वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसचा शिष्य योहान कोनिग आला. पुढे 1776 मध्ये योहान रॉटलर हा मिशनरी आला. या मंडळींनी वाळवलेले नमुने युरोपातल्या अभ्यासकांकडे जात आणि बर्लिनच्या विल्डेनोकडेही त्यातले बरेच पोचले. त्याच विल्डेनोने 1806 मध्ये गुळवेलीचे शास्त्रीय वर्णन छापले. पण या पद्धतीला एक मोठी मर्यादा होती आणि मला ती महत्त्वाची वाटते. गुळवेलीला फुले येतात ती बहुधा पाने झडलेली असताना. नमुन्याच्या कागदावर फुलाची डहाळी चिकटवली की पान राहून जाते, आणि जाड खोड तर कागदावर मावतच नाही. वैद्य जे पाहून वेल निवडतो, तेच नेमके बाहेर राहते.

त्याच काळात तंजावरच्या राजवाड्यात दुसरे काम चालले होते. सरफोजी दुसरे (कारकीर्द 1798 ते 1832) यांनी धन्वंतरी महाल उभा केला. तिथे औषधे तयार होत, उपचार होत आणि वैद्यांकडून पारखून घेतलेले पाठ लिहून ठेवले जात. त्यातले पुष्कळसे ‘सरभेंद्र वैद्य मुरैगळ’ या नावाने तमिळमध्ये आहेत. वनस्पतींची हाताने रंगवलेली चित्रेही काढून घेतली गेली. तरंगंबाडीचे मिशनरी आणि हा मराठी राजा एकमेकांना ओळखत होते. एकीकडे वाळलेला नमुना, दुसरीकडे औषधाचा पाठ आणि चित्र; या दोन्ही गोष्टी एका त्रिभुज प्रदेशात, एका पिढीत होत्या. त्या कायमच्या एकत्र नांदल्या नाहीत याची मला हळहळ वाटते. 1855 मध्ये तंजावरचे राज्य खालसा झाले.

त्यानंतर गुळवेल पुस्तकात शिरली. 1868 च्या ‘फार्माकोपिया ऑफ इंडिया’त तिला जागा मिळाली. नंतरचे मोठे काम त्रिभुज प्रदेशाच्या तोंडाशी, तिरुचिरापल्लीच्या सेंट जोसेफ महाविद्यालयात झाले. फादर के. एम. मॅथ्यू यांनी तिथे रापिना हर्बेरियम, म्हणजे वाळवलेल्या नमुन्यांचा संग्रह, उभे केले आणि गावोगावच्या वनस्पती गोळा करून तमिळनाडूच्या कर्नाटिक प्रदेशाचा वनस्पतीकोश सिद्ध केला. पण खेड्यात सीन्दिल ओळखणारे हात दुसरेच होते: कांड्या ठेचून, पाण्यात भिजवून, तळाशी बसलेले पांढरे सत्त्व वाळवणारे. तमिळमध्ये ते सीन्दिल सर्क्करै. आपल्याकडे गुळवेल सत्त्व म्हणतात ते हेच.

कोविड आला आणि गुळवेल एकदम घरोघरी पोचली. मुंबईत 2020 च्या अखेरीस गुळवेल घेतलेल्या सहा रुग्णांच्या यकृताला इजा झाल्याचे डॉक्टरांनी 2021 मध्ये छापले. आयुष मंत्रालयाने हरकत घेतली: घेतलेली वनस्पती तपासलेली नाही, गुळवेलीसारखीच दिसणारी टिनोस्पोरा क्रिस्पा असू शकते. या जातीच्या खोडावर उंच, खडबडीत गाठी असतात; आपल्या गुळवेलीवर त्या मानाने लहान ठिपके. शंका रास्त होती. मात्र 2022 मध्ये गुळवेल घेतल्यावर यकृताला इजा झालेल्या, 13 केंद्रांतल्या 43 रुग्णांचा अभ्यास आला. त्यातल्या अनेकांना स्वप्रतिकार यकृतविकाराची पार्श्वभूमी होती किंवा तशी लक्षणे दिसली. वेल बरोबर ओळखली म्हणजे ती सर्वांना मानवेलच असे नाही, हे मानायला हवे. ‘चुकीची वेल होती’ एवढे म्हणून सुटका होत नाही. आधीपासून यकृताचा किंवा स्वप्रतिकाराचा आजार असलेल्याने डॉक्टरांना विचारल्याशिवाय काढा घेऊ नये.

मागणी वाढली तशी लागवडही वाढली, आणि ती करायची सोपी रीत म्हणजे कांडी खोचणे. इथे एक गोष्ट ध्यानात ठेवायला हवी. गुळवेलीत नर आणि मादी वेल वेगळी. नर फुले झुबक्याने येतात, मादी फुले बहुधा एकेकटी. लाल फळे मादी वेलीलाच. कांडी ज्या वेलीची, त्याच लिंगाची वेल उगवते. एकाच वेलीच्या कांड्या गावभर वाटल्या तर सगळ्या वेली नर किंवा सगळ्या मादी निघतात आणि जवळपास दुसऱ्या लिंगाची वेल नसेल तर बी धरत नाही. म्हणून कांड्या आणायच्या तर दोन-तीन वेगवेगळ्या गावांतून आणाव्यात, आणि फुले आल्यावर झुबके कुठल्या वेलीला लागले ते पाहून ठेवावे.