घरी रचलेला खेळ आणि जुने यंत्र

गेल्या चतुर्थीच्या सुटीत आमच्या शाळेतील एका विद्यार्थिनीने व तिच्या एका वर्गबंधूने मिळून एक व्हिडिओ गेम रचला. खेळ साधा, परंतु आपल्या मातीतला. एक मुलगा डोंगर चढतो, ओहोळ ओलांडतो आणि गणपतीपुढील माटोळीस बांधावयाच्या वस्तू गोळा करतो : नारळ, सुपारीचा कातरा, तोरिंगण, चिबूड. चित्रे मुलीने प्रथम चौकटींच्या वहीत आठ घरे रुंद व आठ घरे उंच अशा मापात रंगविली आणि मग संगणकावर उतरविली. आज्ञा लिहिण्याचे काम मुलाने केले. संगणकावर खेळ उत्तम चालला. शाळेच्या प्रदर्शनात मात्र तो मुलीच्या काकांकडील जुन्या यंत्रावर, दूरदर्शन संचास जोडून दाखवावा, अशी दोघांची हौस होती. आणि तेथेच घोडे अडले. यंत्र लावले, पडदा करडा झाला, आणि करडाच राहिला.

मुलगा म्हणाला, यंत्र मोडके आहे. काकांनी ते आखातातील नोकरीवरून परतताना आणलेले. तीस वर्षे कपाटात जपून ठेवलेले. त्यांना ते बोलणे लागले. “यंत्राक कांयच जावंक ना, तुमचोच खेळ चुकला!” असे म्हणून त्यांनी ते पुन्हा कपडात गुंडाळले. प्रदर्शनास आठ दिवस राहिले होते. मुलीची स्थिती मोठी अवघड झाली; एकीकडे काका, दुसरीकडे सोबती. तिने तो तंटा आमच्यापुढे आणला. आम्ही कलाशाखेचे, परंतु बिघाड शोधणे हे एखाद्या जुन्या पोथीतील अशुद्ध पाठ शोधण्यासारखेच असते, असा आमचा समज होता. तो पुष्कळसा खरा ठरला, म्हणून ती हकीकत येथे देत आहोत.

प्रथम यंत्राविषयी. काकांचे यंत्र ज्याची नक्कल आहे, ते मूळ यंत्र जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १५ जुलै १९८३ रोजी ‘फॅमिली कॉम्प्युटर’ या नावाने विक्रीस काढले. त्याच्या रचनेचे प्रमुख मासायुकी उएमुरा हे २०२१ साली वारले. त्याच्या नकला पुढे जगभर निघाल्या, आणि १९९० नंतरच्या दशकात आपल्याकडे घरोघरी ‘टीव्ही गेम’ म्हणून जे आले ते बहुतेक अशा नकलांपैकीच. त्याच्या खोबणीत जी खेळाची डबी बसवावयाची, तिला आपल्याकडे सर्वजण ‘कॅसेट’ म्हणतात; तिच्यात फीत नसते, तरीही. मूळ यंत्राच्या पहिल्या तुकडीतही दोष निघाला होता. खेळ मध्येच बंद पडत, आणि कंपनीस ती यंत्रे परत घ्यावी लागली होती. हे आम्ही काकांना सांगितले, तेव्हा त्यांची कळी थोडी खुलली.

या यंत्रासाठी आजही हौशी मंडळी नवे खेळ रचतात. ‘मायक्रो मेजेस’ हा २०१९ सालचा असाच एक नावाजलेला खेळ अवघ्या ४० किलोबाइटांत बसविलेला आहे. मोबाइलवर काढलेले एक साधे छायाचित्र त्याहून कितीतरी अधिक जागा खाते. असा खेळ यंत्रात घालण्यासाठी एक विशेष कॅसेट मिळते. तिच्यात मोबाइलमध्ये असते तसे मेमरी कार्ड बसते. यंत्र चालू होताच ती कार्डावरील खेळांची यादी पडद्यावर दाखविते, आणि आपण निवडू तो खेळ सुरू करून देते. अशी एक कॅसेट जहाजावर नोकरीस असलेल्या आमच्या एका माजी विद्यार्थ्याने आणलेली होती, तीच या दोघांनी वापरली.

आता यंत्र चालू केल्यावर आत काय घडते ते पाहू. कारण ते ठाऊक नसेल तर बिघाड शोधणे म्हणजे अंधारात सुई शोधणे. वीज येताच यंत्राचा मुख्य भाग, म्हणजे प्रोसेसर, जागा होतो. त्यास खेळाची काहीच माहिती नसते. त्याच्या कक्षेत ६५,५३६ पत्ते आहेत. त्यांतील अगदी शेवटच्या टोकाजवळचे दोन, ६५,५३२ व ६५,५३३, तो प्रथम वाचतो. “काम कोठून आरंभावे?” या प्रश्नाचे उत्तर तेथे लिहिलेले असते. ते उत्तर कॅसेटमधून, खोबणीतील ६० पितळी बोटांच्या द्वारे त्याच्यापर्यंत येते. त्यांतील एक बोट जरी नीट टेकले नाही, तरी आकडा चुकतो, आणि प्रोसेसर भलत्याच ठिकाणी जाऊन भलतेच वाचू लागतो. पडद्यावर मग करडा रंग तरी दिसतो, नाहीतर रंगीबेरंगी ठिपक्यांचा बाजार.

आम्ही मुलांना एकच प्रश्न विचारला : “करडा पडदा दिसला तेव्हा त्याआधी खेळांची यादी दिसली होती काय?” दोघे एकमेकांकडे पाहू लागली. यादी दिसलीच नव्हती! म्हणजे त्यांचा खेळ बरा की वाईट, हा प्रश्न तोवर उद्भवलाच नव्हता. गाडी पेडण्याच्या स्थानकातून हललीच नाही, आणि हे डिचोलीच्या रस्त्यावरील खड्ड्यावरून भांडत होते. कोणत्याही यंत्राच्या बाबतीत, ते कोठवर पोहोचून थांबले हे आधी ठरवावे. दुसरी कसोटी म्हणजे पूर्वी खात्रीने चालत असलेली एखादी कॅसेट घालून पाहणे. काकांची जुनी कॅसेट घातली, तीही चालेना. तेव्हा दोष यंत्राकडे होता, निदान एक दोष तरी.

वीज पुरविणारा अडॅप्टर आधी तपासला. त्याच्यावरील व्होल्टचा आकडा व धन-ऋण टोकांची खूण यंत्रावरील खुणांशी जुळली पाहिजे. जपानी अडॅप्टर १०० व्होल्टांचा असतो. आपल्या भिंतीतील वीज २३० व्होल्टांची. तो तसाच लावला तर जळणार. काकांचा अडॅप्टर ठीक होता. मग काकांच्या अनुज्ञेने झाकण उघडले. आत तांबडी धूळ! काकांचे घर डिचोलीच्या खाणपट्ट्यातील रस्त्यालगत. खनिजाचे ट्रक रात्रंदिवस धावत असताना ती धूळ घरातील भांड्यांवर, पानांवर, वाळत घातलेल्या कपड्यांवर बसे. २०१२ साली खाणी थांबल्या तेव्हा रस्ता निवळला, परंतु यंत्राच्या पोटात गेलेली धूळ तेथेच राहिली. शिवाय आपल्याकडे वर्षाकाठी सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो. त्या दमट हवेने खोबणीतील बोटांवर हिरवट कळिंब चढला होता.

अशा वेळी कॅसेटच्या तोंडात फुंकर मारण्याची रीत आमच्या लहानपणीही होती, आणि फुंकर मारल्यावर खेळ पुष्कळदा चालेही. परंतु तो प्रताप फुंकरीचा नव्हे. कॅसेट काढून पुन्हा बसविताना बोटे घासली जातात व नव्या जागी टेकतात, म्हणून ती चालते. फुंकरीबरोबर तोंडातील ओल मात्र आत जाते, आणि पुढे कळिंब वाढतो. कॅसेटांवर फुंकू नये अशी सूचना खुद्द कंपनीच छापीत असे. आमच्या मुलाने दुसराही उपाय सुचविला. डिचोलीच्या पितळी समया प्रसिद्ध. आणि घरची समई चिंचेने लख्ख होते, तर ही बोटे का होऊ नयेत? कल्पना आम्हांस आवडली, पण ती मोडून काढावी लागली. चिंचेतील आम्ल समईच्या जाड पितळेस सोसते. कॅसेटच्या पट्टीवरील पातळ मुलामा त्याने जाईल, आणि उरलेले आम्ल धातू खातच राहील. सँडपेपरही वर्ज्य. मोबाइल दुरुस्तीच्या दुकानात आयसोप्रोपिल अल्कोहोल मिळते. कापसाच्या बोळ्याने ते कॅसेटच्या पट्टीस लावावे, वीज बंद असताना कॅसेट चारपाच वेळा आतबाहेर करावी, बोळा काळा येईनासा होईपर्यंत हे चालू ठेवावे, आणि पुरते वाळू द्यावे. हा द्रव पेट घेतो. म्हणून दिव्याजवळ नको, आणि मोठ्या माणसाच्या देखरेखीवाचून नको.

तिसऱ्या खेपेस काकांची जुनी कॅसेट चालली. मग ती विशेष कॅसेट घातली, यादी दिसली. मुलांनी आपला खेळ निवडला. आणि पडदा निळा झाला, तो तसाच गोठला. काकांच्या चेहऱ्यावर जे हसू आले, ते त्यांनी मोठ्या प्रयासाने आवरले.

आता यंत्र निर्दोष, कॅसेट निर्दोष. उरला खेळ. परंतु तोच खेळ संगणकावर चालतो, हे कसे? येथे मूळ मुद्दा येतो. संगणकावर जो प्रोग्राम या जुन्या यंत्राचे सोंग घेतो, त्यास एम्युलेटर म्हणतात. दशावतारात नट राजाचे सोंग घेतो. सोंग कितीही हुबेहूब वठले, तरी राज्याचे ओझे काही त्याच्या डोक्यावर नसते. एम्युलेटरचेही तसेच. खऱ्या यंत्राच्या कित्येक अडचणी त्याला नसतात, आणि तो रचनाकाराच्या चुका मुकाट्याने पोटात घालतो. १९९७ सालचा ‘नेस्टिकल’ नावाचा एम्युलेटर याविषयी कुप्रसिद्धच होता. केवळ त्याच्यावर चालणारे व खऱ्या यंत्रावर कोलमडणारे खेळ त्या काळी पुष्कळ निघाले.

या यंत्राची कामचलाऊ स्मृती फार लहान. अवघ्या २०४८ आकड्यांची. खेळ चालू असताना गडी कोठे आहे, किती फळे मिळाली, कितवा देखावा चालू आहे, हे सर्व तेथे लिहिले जाते. प्रश्न असा की यंत्र चालू होते त्या क्षणी तेथे काय असते? मुलगा म्हणाला, “काही नाही, सगळीकडे शून्य.” कोरी पाटी, असे त्याने गृहीत धरले होते. वस्तुतः स्मृतीतील प्रत्येक पेशी वीज येताच शून्य किंवा एक यांपैकी कोणत्या तरी एका बाजूस कलंडते. कोणती पेशी कोणत्या बाजूस कलंडेल हे तिच्या घडणीतील बारीकसारीक फरकांवर अवलंबून असते. रचनाकाराच्या इच्छेवर नव्हे. त्यातून या विशेष कॅसेटवर यादी दाखविणारा प्रोग्राम आधी चाललेला असतो, आणि त्याने लिहिलेले आकडे स्मृतीत तसेच पडून असतात. आधीच्या तासाच्या गुरुजींनी फळा न पुसताच जावे, आणि त्यावरील बेरीज आपली समजून आपण गणित पुढे चालवावे, तशी ही गत. एम्युलेटर मात्र पुष्कळदा आरंभीच सर्वत्र शून्य भरून ठेवतो.

ही केवळ शंका होती. ती पारखून पाहणे आवश्यक होते. ‘मेसेन’ नावाच्या एम्युलेटरमध्ये आरंभीची स्मृती शून्यांनी भरावी की वाटेल त्या आकड्यांनी, हे निवडता येते. मुलाने दुसरा पर्याय निवडला, आणि संगणकावरही तोच निळा पडदा! आम्ही शिक्षक असूनही त्या वेळी टाळी वाजविली. बिघाड आपल्या मर्जीने पुन्हा घडवून आणता आला की अर्धे काम झाले. पुढे आज्ञांची वही वाचीत गेलो, तेव्हा जागा सापडली. ‘चालू देखाव्याचा क्रमांक’ या घरात आरंभी शून्य लिहिण्याची आज्ञाच कोठे नव्हती. देखावे होते चार, आणि यंत्रास त्या घरात भलताच मोठा आकडा मिळून ते नसलेला देखावा शोधीत बसले होते. दुरुस्ती दहाबारा ओळींची : खेळाच्या प्रारंभीच २०४८ घरे पुसून टाकणे.

याच जातीची आणखी एक चूक सांगून ठेवतो. यंत्राचा चित्रे काढणारा भाग पडद्यावर रेघ न् रेघ आखीत असतो. त्या वेळी त्याच्या स्मृतीत हात घातला तर चित्र विसकटते. एक चित्र संपून दुसरे सुरू होण्याच्या मधल्या अवकाशातच बदल करावे लागतात. नाटकात पडदा पडलेला असतानाच देखावा बदलावा, तसे. मूळ यंत्रात हा अवकाश प्रोसेसरच्या सुमारे २२७० ठोक्यांचा असतो, आणि प्रोसेसर सेकंदाला सुमारे १७ लाख ९० हजार ठोके देतो. म्हणजे पडदा सेकंदाच्या हजाराव्या भागाहून किंचित अधिक काळच पडलेला असतो. शिवाय चित्र काढणारा भाग वीज आल्याबरोबर सज्ज नसतो. त्याला दोनएक चित्रांचा वेळ द्यावा लागतो. आमच्या मुलाने हे दोन्ही नियम पाळले होते. त्याचे श्रेय त्यास दिले पाहिजे.

खेळाच्या फाइलीच्या आरंभी १६ आकड्यांची एक पाटी असते. खेळात आज्ञांचे गठ्ठे किती, चित्रांचे किती, कॅसेटची रचना कोणत्या जातीची, हे तीवर नोंदलेले असते. पार्सलवरील पत्त्याप्रमाणे ही पाटी चुकली तर माल चांगला असूनही पोहोचत नाही. आणि ३२ गिगाबाइटांहून मोठी कार्डे ज्या पद्धतीने आखलेली येतात ती अशा कित्येक कॅसेटांना वाचता येत नाही. लहान कार्ड फॅट-३२ पद्धतीने आखून घेणे बरे.

एक पथ्य मात्र आम्ही आठही दिवस कसोशीने पाळविले. एका वेळी एकच बदल करावयाचा, आणि तो वहीत लिहावयाचा. पहिल्या दिवशी मुलाने कार्ड, अडॅप्टर व फाइल ही तिन्ही एकदम बदलली होती. त्यामुळे कशाने काय झाले हे त्यालाच सांगता येईना.

प्रदर्शनाच्या दिवशी काका स्वतः यंत्र घेऊन आले, आणि दिवसभर त्याच्याजवळून हलले नाहीत. खेळ चालला. एक उणीव राहिली. मुलीने रचलेली घुमटाची चाल त्या यंत्रावर नाकात बोलल्यासारखी ऐकू येई. अनेक नकली यंत्रांत सुराचा पोत ठरविणाऱ्या दोन खुणांची अदलाबदल झालेली असते, हे आम्हांस मागाहून कळले. मुलगा म्हणाला, दुरुस्त करू. याच यंत्रापुरती दुसरी प्रत काढू. मुलीने काकांकडे पाहिले आणि ‘राहू दे’ म्हणाली.