शब्द पोचला तर काम होते

पेण तालुक्यातल्या खाडीकाठच्या मंडळींना खारबंदिस्तीचे महत्त्व सांगायला नको. बाहेरचा बांध धड, तर आतले भातशेत धड. उधाणाच्या पाण्याने बांधाला खांड पडली की कोणीतरी ओरडतो, "बांध फुटला!" शब्द दोनच. पण ते ऐकून माणसे भरल्या ताटावरून उठतात आणि फावडी-घमेली घेऊन धावत सुटतात. पाणी अजून कोणी डोळ्यांनी पाहिलेले नसते. त्यांना धावायला लावले ते शब्दांनी.

माणूस शब्द ऐकून कामाला लागतो. तसाच तो शब्द ऐकून बिथरतो, रुसतो, नाहीतर गप्प बसतो. एकच गोष्ट एकाने सांगितली तर लोक करतात आणि दुसऱ्याने सांगितली तर करीत नाहीत. असे का होते? आम्हाला याची चार कारणे दिसतात.

पहिले कारण भाषेचे. ऐकणाऱ्याला समजेल तेच बोलणे खरे. विनोबा भावे यांचा जन्म पेण तालुक्यातल्या गागोदे गावी ११ सप्टेंबर १८९५ रोजी झाला. त्यांच्या आईला गीता समजून घ्यायची होती, पण संस्कृत कळत नव्हते. मराठीतली गीता आणून दिली, तीही तिला अवघड वाटली. तेव्हा तूच सोपी करून का लिहीत नाहीस, असे तिने मुलाला विचारले. आई १९१८ साली वारली. पुढे १९३०-३१ साली विनोबांनी 'गीताई' लिहिली. एवढा विद्वान माणूस, पण लिहिताना त्याने आपली विद्वत्ता पुढे केली नाही. आईला कळेल का, हे पाहिले. म्हणून ते पुस्तक घरोघर गेले.

दुसरे कारण मानाचे. "ए, इकडे ये" आणि "अहो, जरा इकडे येता का" यांचा अर्थ एकच. पण पहिले ऐकून माणूस अंग चोरतो आणि दुसरे ऐकून पुढे येतो. शाळेत आम्ही हे पुष्कळदा पाहिले आहे. घरी कातकरी किंवा आगरी बोली बोलणारे मूल वर्गात येते. त्याच्या बोलण्याला कोणी हसले, तर दुसऱ्या दिवसापासून ते तोंड उघडत नाही. लोक म्हणतात, "पोर मठ्ठ आहे." पोर मठ्ठ नसते. हसण्याने त्याचे तोंड बंद केलेले असते.

तिसरे कारण विश्वासाचे. बांध फुटल्याची खोटी हाळी कोणी दोनदा दिली, तर तिसऱ्यांदा खरी दिली तरी कोण उठेल? रोह्याला १९२० साली जन्मलेले पांडुरंगशास्त्री आठवले यांनी ही गोष्ट नेमकी ओळखली. त्यांच्या स्वाध्याय परिवारातली माणसे भक्तिफेरीसाठी परगावी जातात, ती आपल्या खर्चाने आणि आपली शिदोरी घेऊन. गावाकडे ती काही मागत नाहीत. मागणे नाही म्हटल्यावर लोकांच्या मनात संशय राहत नाही, आणि मग ते ऐकायला बसतात.

चौथे कारण उलट विचारण्याचे. याकडे फार थोड्यांचे लक्ष जाते. आपल्या लोकांना समजले नाही तरी "हो, हो" म्हणायची सवय आहे. नाही म्हणायची लाज वाटते. समजा, लहान मुलाला जुलाब होत आहेत. नर्सबाई आईला म्हणाल्या, "मीठ-साखरेचं पाणी पाज." आई "हो" म्हणाली आणि घरी गेली. मीठ किती, साखर किती, हे तिला कुठे कळले? मीठ जास्त पडले तर मुलाला अपाय होतो. खरे प्रमाण असे: उकळून गार केलेले एक लिटर पाणी, चहाचे सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ. हे सांगून झाल्यावर बाईंनी विचारावे, "आता मला सांग बरं, घरी जाऊन काय करशील?" आईने बरोबर सांगितले, तर शब्द पोचला. चुकले, तर पुन्हा सांगावे. यात आईचा कमीपणा नाही. पोचवायची जबाबदारी सांगणाऱ्याची आहे.

ही चारही कारणे जुळली, तर शब्द केवढे काम करतो! १८ एप्रिल १९५१ रोजी विनोबा तेलंगणातल्या पोचमपल्ली गावी होते. त्या भागात जमिनीवरून रक्तपात चालला होता. तिथल्या दलितांनी त्यांच्याकडे ८० एकर जमीन मागितली. गावाला काही करता येईल का, असे विनोबांनी जमलेल्या लोकांना विचारले. तेव्हा रामचंद्र रेड्डी नावाचे जमीनदार उठले आणि त्यांनी १०० एकर देऊ केली. तिथून भूदान सुरू झाले. मला घरातला एक मुलगा समजा आणि माझा वाटा द्या, असे सांगत विनोबा पुढे वर्षानुवर्षे देशभर पायी हिंडले.

पण दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. देऊ केलेली सगळी जमीन गरिबांच्या हाती आली नाही. काही नापीक निघाली, काही कागदावरच राहिली. तोंडच्या शब्दाने मन हलते. पुढचे काम पुरे व्हायला लिहिलेला शब्दही पक्का लागतो.

आपल्याकडच्या वाड्यांवरची कितीतरी कुटुंबे पावसाळा संपला की उचल घेऊन वीटभट्टीवर जातात. उचल देताना मुकादम गोड बोलतो. हिशेबाच्या वेळी मात्र वही बोलते, आणि वहीतले शब्द त्याचे असतात. म्हणून अंगठा उठवण्यापूर्वी म्हणावे, "वाचून दाखवा." किती घेतले, किती फेडले, हे आपल्याकडेही लिहून ठेवावे. कर्जापोटी माणसाला कामाला बांधून ठेवणे हा १९७६ च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याने गुन्हा आहे. तसे कोणी करीत असेल, तर तहसीलदाराकडे किंवा जिल्हाधिकाऱ्याकडे तक्रार करावी.

तुम्ही आता अक्षरे जुळवून वाचू लागला आहात. कचेरीतला कागद समजला नाही, तर "हो" म्हणून उठू नका. "हे सोप्या बोलीत सांगा," असे म्हणा. आणि घरी सुनेला, मुलाला, गड्याला काही सांगाल तेव्हा हाच न्याय त्यांनाही लावा. त्यांना काय कळले, ते विचारा आणि त्यांचे पुरते ऐकून घ्या.