ताऊस चमनची मैना आणि तिचा शेजार

बसा मंडळी, कंदिलाची काच आत्ताच पुसलीय आणि पाऊसही काही लवकर हटायचा नाही, तेव्हा आज तुम्हाला एका पाखराची गोष्ट सांगतो. सांगता सांगता ती एका माणसाचीही होईल, कारण हे पाखरू मला पहिल्यांदा भेटलं ते रानात नव्हे, लखनौच्या एका कथाकाराच्या पुस्तकात.

नैयर मसूद त्यांचं नाव. १९३६ साली लखनौत जन्मले, २०१७ साली लखनौतच गेले, आणि मधलं आयुष्य जवळपास सगळं वडिलांनी बांधलेल्या एकाच घरात काढलं. घराचं नाव 'अदबिस्तान'. वडील मसूद हसन रिझवी 'अदीब' हे उर्दू-फारसीतले गाढे विद्वान, आणि नैयरसाहेब स्वतः लखनौ विद्यापीठात फारसी शिकवायचे. कथा लिहायचे त्या मोजक्या आणि फार सावकाश, पण वाचायला घेतलीत तर अशी गत होते की रात्री अनोळखी वाड्यात शिरावं, एकामागून एक दार उघडत जावं आणि परतीचं दार कुठलं तेच उमगू नये. काफ्का नावाचा लेखक ऐकलाय का? जुन्या ऑस्ट्रिया-हंगेरीच्या साम्राज्यात, प्राग शहरात १८८३ साली जन्मला आणि १९२४ साली व्हिएन्नाजवळच्या एका आरोग्यधामात वारला. त्याच्या कथा नैयरसाहेबांनी उर्दूत आणल्या. बसल्या जागेवरून हललेले नाहीत, पण नजर कुठवर पोचलेली बघा! त्यांच्या ज्या संग्रहाला २००१ साली साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला, त्याचं नाव 'ताऊस चमन की मैना', आणि आपलं पाखरू बसलंय ते त्या नावाच्या कथेत.

ताऊस चमन म्हणजे मोरबाग. ही बाग कैसरबागेतली, आणि कैसरबाग म्हणजे अवधचा शेवटचा नवाब वाजिद अली शाह यानं १८४८ ते १८५० या काळात उभा केलेला महालांचा आणि बागांचा पसारा. आपल्या मराठी माणसाला कैसरबाग परकी नाही हो. आपले भातखंडेबुवा, विष्णु नारायण भातखंडे, यांनी १९२६ साली लखनौत संगीताचं कॉलेज काढलं, त्यांचे शिष्य रातंजनकरबुवा यांनी ते पुढं वर्षानुवर्षं सांभाळलं, आणि आज ते विद्यापीठ होऊन त्याच कैसरबागेत नांदतंय. नवाबाचा नाचगाण्याचा परीखाना होता तिथं मुंबईच्या वाळकेश्वरात जन्मलेल्या माणसाच्या नावाची पाटी आहे, हे मला तर फार गोड वाटतं. पण ते असो, नाहीतर मी गाण्याकडं वळलो तर मैना पिंजऱ्यातच राहील.

तर या ताऊस चमनमध्ये नवाबानं एक अचाट पिंजरा बसवून घेतला, एखाद्या बंगल्याएवढा, आणि त्यात सोडल्या चाळीस पहाडी मैना. त्यांची राखण करायला जो नोकर नेमला तो काले खान. बायको गेलेली, घरात एकुलती लहानगी लेक, नाव फलक आरा. पोरीनं कधीपासून धोशा लावलेला की मला बोलणारी पहाडी मैना हवी. बापाच्या खिशात तेवढा दाम कुठला? आज आणतो, उद्या आणतो, असं करत दिवस लोटायचा. आणि योग असा की त्या चाळीस मैनांमधल्या एकीचं नावही फलक आराच. मग बापाच्या मनानं जे घ्यायचं तेच घेतलं. एके दिवशी ती मैना लपवून घरी आणली. पोर हरखली, मैनेशी दिवसभर बोलत बसली, मी कोण, माझे बाबा कोण, मी काय खाते, असलं सगळं. आणि चोरी उघडी पडायच्या भीतीनं बापानं काही दिवसांनी मैना परत पिंजऱ्यात नेऊन सोडली.

इकडं दरबारच्या शिक्षकानं मैनांना नवाबाच्या स्तुतीचे बोल घोटून घोटून शिकवलेले. दाखवायचा दिवस आला. बडी बडी मंडळी जमली, मैनांनी एका सुरात स्तुती म्हटली, सगळे माना डोलवताहेत, आणि तेवढ्यात एक मैना भलतंच बोलायला लागली. लहान पोरीच्या आवाजात, पोरीचं नाव, पोरीचा खाऊ, बापाचं नाव, सगळं घडाघडा! काले खानाच्या पायाखालची जमीन सरकली. पुढं नवाबानं काय केलं आणि त्या मैनेवर इंग्रजाची नजर पडल्यावर काय झालं, ते मी सांगणार नाही, ते तुम्ही वाचायचं. एवढं मात्र ध्यानात ठेवा की १८५६ च्या फेब्रुवारीत इंग्रजांनी अवध गिळलं आणि नवाबाला कलकत्त्याजवळ मटियाबुर्जला जाऊन राहावं लागलं, आणि त्या वादळाची चाहूल या एवढ्याशा कथेत आहे.

आता तुम्ही म्हणाल, आजोबा, कथेतलं पाखरू, ते काय हवं ते बोलेल. म्हणूनच तर मी ही गोष्ट काढली. कारण जे नैयरसाहेबांनी रचलं ते पाखराच्या खऱ्या स्वभावाला इतकं धरून आहे की मला त्याचं नवल अजून ओसरत नाही.

आधी पाखरू नीट बघून घ्या. आपल्या अंगणात किड्यांमागं तुरुतुरु चालते ती साळुंकी, ती ही नव्हे, ही तिच्या भावकीतली. पहाडी मैना वीतभराहून थोडी मोठी, काळीभोर, पण उन्हात मान वळवली की त्या काळ्यावर जांभळी आणि हिरवी झाक सळसळते. चोच नारिंगी, पाय पिवळे, आणि डोळ्याखालून मानेपर्यंत बिनपिसांची पिवळीधमक कातडी, मागं तिची लोंबती पाळी. पंख उघडले की त्यात पांढरा पट्टा चमकतो. ही जमिनीवर क्वचित उतरते, उंच झाडांच्या शेंड्यांवर राहते, फांदीवर चालण्याऐवजी उड्या मारते, उंबर-पिंपळाची फळं आख्खी गिळते, फुलातला मध पिते, किडेही खाते. झाडाच्या ढोलीत दोन-तीन अंडी घालते. कुमाऊंपासून पूर्वेला हिमालयाच्या पायथ्याची रानं हा तिचा मुलूख, दक्षिणेत सह्याद्रीच्या ओल्या रानांत तिची चुलत बहीण, आणि मध्ये बस्तरात तिचं एक वेगळं ठाणं.

आणि हिचा गळा! माणसाचा आवाज निघतो तो नरड्याच्या वरच्या टोकाला. पाखराचं यंत्र असतं पार खाली, छातीत, श्वासनळी जिथं दोन फांद्यांत फुटते त्या बेचक्यात. दोन्ही फांद्यांना आपापले पडदे, आपापले स्नायू. बैलगाडीच्या दोन बैलांचे कासरे गाडीवानानं वेगवेगळे धरावेत तसं पाखरू डावी-उजवी बाजू वेगवेगळी हाकू शकतं, म्हणून एकाच वेळी दोन सूरही निघू शकतात. तिथं निघालेला आवाज मग गळा आणि चोच कमीजास्त उघडून घडवायचा. १९७४ साली डेनिस क्लॅट आणि स्टेफान्स्की या दोघांनी बोलक्या मैनेच्या आवाजाची चित्रं काढून माणसाच्या आवाजाशी ताडून पाहिली. 'अ' आणि 'ई' आपल्याला वेगळे ऐकू येतात ते आवाजातल्या काही ठरावीक उंचवट्यांमुळं, आणि मैनेनं ते उंचवटेसुद्धा उचलले होते. पोपट बोलतो ते ऐकून पोपट बोलतोय हे कळतं, पहाडी मैना बोलली तर माणूस दार उघडायला उठतो. तिची जीभ खालून कापली की ती बोलते असं जुने लोक सांगायचे, ते निखालस खोटं आणि दुष्टपणाचं. बोलणं छातीत आहे, जिभेच्या दोरीत नाही.

पण खरी गंमत पुढंच आहे. एवढी नकलाकार मैना, तर रानात ती घुबडाची, कोकिळेची, वानराची नक्कल करत असेल ना? मुळीच नाही! ब्रायन बर्ट्राम नावाचा इंग्रज संशोधक आसामच्या रानात या मैनांमागं हिंडला आणि १९७० साली त्यानं जे छापलं ते वाचून मी थक्क झालो. रानातली पहाडी मैना दुसऱ्या कुठल्याही पाखराची नक्कल करत नाही. ती शिकते फक्त शेजारच्या मैनांकडून, आणि तेही नर नराकडून, मादी मादीकडून. एकेकीजवळ तीनपासून तेरापर्यंत खास हाका असतात, लहानपणी शिकलेल्या, जवळच्या शेजाऱ्यांशी जुळणाऱ्या. पाचेक कोस पलीकडं गेलं की तिथल्या मैनांच्या हाका साफ निराळ्या. बारा कोसांवर भाषा बदलते म्हणतात, या पाखरांची त्याच्याही आत बदलते. आणि बघा, नर-मादी दिसायला इतकी सारखी की माणसाच्या डोळ्याला पत्ता लागत नाही, पण हाक कुणाची उचलायची हे पिल्लाला बरोब्बर कळतं.

तर मग पिंजऱ्यातलं पिल्लू काय करणार? आजूबाजूला ना नर मैना, ना मादी. शेजार आहे तो माणसांचा, तेव्हा ते माणसालाच शेजारी धरतं आणि त्याच्या हाका उचलतं. आपण समजतो पाखरू आपली नक्कल करतंय. ते तर आपल्याला आपल्या वस्तीत घेत असतं.

याचा पडताळा मेरेडिथ वेस्ट आणि अँड्र्यू किंग या अमेरिकन जोडीनं स्टारलिंग पाखरांवर पाहिला. स्टारलिंग ही मैनेच्याच कुळातली, आपल्या भोरडीची बहीण. काही पिल्लं घरात माणसांच्या अंगाखांद्यावर वाढवली, काहींना माणसांचे आवाज नुसते कानावर पडतील अशी ठेवली. १९९० साली त्यांनी लिहिलं की माणसात मिसळलेली पिल्लं बोलायला लागली, नुसती ऐकणारी नाही. आणि बोलली तीही काय, घरात जाता-येता जे बोललं जायचं ते! माझ्या आत्यानं पोपटाला हरिनाम शिकवायचा फार ध्यास घेतला होता, आणि तो शिकला काय, तर दुपारी आत्या चुलत्याला जेवायला हाक मारायची ती हाक, तिच्या खोकल्यासकट. त्यावेळी पोपट पाळणं सर्रास होतं, आता तो गुन्हा आहे आणि असायलाच हवा.

ऑस्ट्रियात कोनराड लोरेन्झ नावाचे मोठे प्राणिशास्त्रज्ञ होऊन गेले, १९७३ चे नोबेल मानकरी आणि गोष्ट सांगण्यात पक्के. ते एका पाळीव कावळ्याची हकीकत सांगतात, हान्सल त्याचं नाव. तो बरेच दिवस बेपत्ता झाला, परत आला तेव्हा पायाचं एक बोट मोडलेलं, आणि तोंडी एक नवं वाक्य, अस्सल गावरान बोलीत, फासात सापडला अशा अर्थाचं. ज्यांनी धरलं त्या पोरांच्या तोंडचं ते. लोरेन्झ म्हणतात, घाबरलेल्या किंवा फार उत्तेजित झालेल्या पाखराच्या कानात बोल चटकन रुततात. म्हणजे कुठं होतो, काय झालं, हे त्या मुक्या जिवानं येऊन सांगितलंच की! आणि त्याच ऑस्ट्रियात, व्हिएन्ना शहरात, १७८४ च्या मे महिन्यात संगीतकार मोझार्टनं एक स्टारलिंग विकत घेतलं, ते त्याच्याच रचनेतली ओळ म्हणायचं, एक सूर जरा चढवून. तीन वर्षांनी ते मेलं तेव्हा मोझार्टनं त्याला पुरलं आणि त्याच्यावर कविता केली.

आता ताऊस चमनकडं चला. दरबारी शिक्षकाचे घोटलेले बोल त्या मैनेलाही येत होतेच. पण मन लावून, डोळ्यांत बघून, मांडी घालून जी बोलली ती काले खानाची पोर. मैनेनं तिला शेजारीण धरलं. काफ्काच्या एका कथेत पिंजऱ्यातलं माकड सुटकेचा मार्ग म्हणून माणसाची भाषा शिकतं आणि विद्वानांच्या सभेत उभं राहून आपली कहाणी सांगतं. फार थोर कथा आहे ती, पण त्या माकडाला माणसाकडून माया मिळत नाही. नैयरसाहेबांनी काफ्का पचवला आणि त्यात लखनौची माया मिसळली. मला विचाराल तर बोलणाऱ्या जनावरावर याहून खरी कथा मी वाचलेली नाही, आणि त्यांनी बर्ट्राम वाचला होता की नाही यानं काही फरक पडत नाही. ज्या शहरात नखासच्या बाजारात पिढ्यान्‌पिढ्या पाखरांची खरेदी-विक्री झाली, कबुतरं उडवली, बटेर झुंजवले, तिथल्या माणसाला पाखराचं मन कळायला पुस्तक लागत नाही.

त्या खरेदी-विक्रीनंच मात्र मैनेचा घात केला. बोलते म्हणून ढोलीतून पिल्लं काढली, विकली, आणि रानं तुटली ती वेगळीच. १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं तिला आता संरक्षण आहे, पकडायची नाही, पाळायची नाही. छत्तीसगडनं तिला राज्यपक्षी केलंय. जगदलपुरात पिंजऱ्यात तिची वीण वाढवायचे पुष्कळ प्रयत्न झाले, पण नर कोण नि मादी कोण इथंच घोडं अडलं. आपल्या गडचिरोलीला इंद्रावती ओलांडली की पलीकडं बस्तर, आणि जगदलपूरच्या पुढं कांगेर घाटीचं राष्ट्रीय उद्यान. कधी गेलात तर पहाटे जा, सालाच्या उंच झाडांच्या वाळक्या शेंड्यांवर नजर ठेवा, त्या बहुधा जोडीनं बसतात. शिट्टी येईल, मग घोगरा आवाज, मग एकदम माणसानं हाक मारल्याचा भास होईल. दचकू नका. ती हाक तुम्हाला नसते, पलीकडच्या झाडावरच्या शेजाऱ्याला असते. थांबून ऐका, तिकडून तीच हाक परत येते का ते.