गेम चालला म्हणजे कॉपी बरोबर?

महागावात कुणाच्या माळ्यावर जुना ‘पीएस टू’ (प्लेस्टेशन २ हा गेम कन्सोल) धूळ खात पडला असेल, तर भंगारात देण्याआधी त्याच्या डिस्क पाहून घ्याव्यात. मुंबईच्या ट्राइन गेम्सचा ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ (२०१०), हैदराबादेत घडलेला ‘हनुमान: बॉय वॉरियर’ (२००९) हे गेम मुख्यतः भारतीय बाजारासाठी निघाले. अशा डिस्कची कॉपी करून ठेवणारेही आहेत; पण ‘लावून पाहिली, चालते की!’ एवढ्यावर ते निर्धास्त होतात.

चालते, हे खरं. पण एकेरी थराच्या डीव्हीडीतली ४.७ जीबी माहिती २,०४८ बाइटच्या लाखो सेक्टरांत विभागलेली असते. खराब सेक्टर नेमका शेवटच्या लेव्हलमध्ये असला, तर पहिल्याच ओव्हरला कुणाला काय कळणार? फाइलचा आकार जुळला, हाही पुरावा नव्हे. न वाचता आलेल्या जागी काही सॉफ्टवेअर शून्यं भरून पुढे जातात. आकार तेवढाच राहतो.

खात्री होते ती हॅशने. एसएचए-१ ही पद्धत अख्ख्या फाइलमधून ४० अक्षर-अंकांची खूण, म्हणजेच हॅश, काढते. एक बिट इकडचा तिकडे झाला की खूण पार बदलते. फाइलचं नाव बदललं तर मात्र काहीच फरक पडत नाही.

घोळ होतो तो यापुढे. हॅश काढली म्हणजे कॉपी तपासली, असं लोक धरून चालतात. अहो, फसलेल्या कॉपीचीही हॅश निघतेच! ती कशाशी तरी ताडून पाहावी लागते. रीडम्प या स्वयंसेवी प्रकल्पाच्या यादीत हजारो डिस्कच्या अशा खुणा आहेत. आपली डिस्क तिथे नसेल, तर त्याच गेमची दुसरी डिस्क शोधून, शक्यतो दुसऱ्या ड्राइव्हवर वाचून, दोन्ही खुणा जुळवायच्या. बूड जांभळट-हिरवट असेल, तर ती बहुधा कुणीतरी घरी राइट केलेली डिस्क. तिच्यावर भिस्त ठेवू नये.

‘आयएसओ (डिस्कची एकाच फाइलमधली प्रत) सगळ्याला पुरते’ हेही अर्धसत्य. पीएस टूच्या डीव्हीडीला पुरते. पीएस वनच्या सीडीत संगीताचे वेगळे ट्रॅक असू शकतात, म्हणून २,३५२ बाइटचे पूर्ण सेक्टर वाचून ‘बिन’ आणि ‘क्यू’ फाइलींची जोडी करावी लागते. काही पाल (युरोपीय) आवृत्त्यांतलं लिबक्रिप्ट हे कॉपीविरोधी कुलूप तर सबचॅनेलमध्ये, म्हणजे सेक्टरासोबतच्या जादा माहितीत, दडलेलं असतं. ते त्या जोडीतही उतरत नाही.

कायद्याची धास्ती? स्वामित्वहक्क कायदा, १९५७ च्या कलम ५२ नुसार प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला, ती हरवू वा बिघडू नये यासाठी बॅकअप करता येतो. तो वाटत सुटण्याची मुभा त्यात नाही.

आणि ओरखडे. खालची चकचकीत बाजू सगळेच जपतात; सीडीत माहितीचा थर असतो तो छापील बाजूला लागून. तिच्यावर बॉलपेनने नाव लिहू नका. लिहायचंच तर कव्हरवर लिहा, शेजारी ती ४० अक्षरांची खूणही.