जुनी रिळे, नवा अर्थ

दुसऱ्या कोणी पूर्वी टिपलेले चित्रण घ्यायचे, ते कापून वेगळ्या क्रमाने जोडायचे आणि त्यातून नवा लघुपट उभा करायचा, अशी एक प्रयोगशील पद्धत चित्रपटकलेत आहे. अमेरिकेत ब्रुस कॉनर यांनी १९५८ साली 'अ मूव्ही' हा १२ मिनिटांचा लघुपट वृत्तपटांच्या व जुन्या चित्रपटांच्या तुकड्यांतून जुळवला.

हे आपल्याला परके वाटू नये. ७ डिसेंबर १९५६ रोजी राजगृहातून निघालेली बाबासाहेबांची अंत्ययात्रा परळच्या पोयबावडीवरून दादर चौपाटीला पोहोचली. नामदेवराव व्हटकर यांनी ती चित्रित केली. तीच दृश्ये आपण पुढे पुन:पुन्हा पाहिली. त्यांना शोकगीत जोडले की डोळे पाणावतात. त्याच चौपाटीवर भदन्त आनंद कौसल्यायन यांनी जनसमुदायाला दीक्षा दिली, हे निवेदन जोडले की मान ताठ होते. चित्र एकच, पण आपण कोण हे जोडणारा सांगतो. ती जोडणी आपल्या विद्यार्थ्यांनीही शिकावी.

पण व्हटकरांचे नाव आज किती जणांना ठाऊक आहे?

आपल्या घरोघरी जयंतीच्या, लग्नांच्या व्हीएचएस कॅसेटा पडून आहेत. मुंबईच्या दमट हवेत फितीला बुरशी लागते. त्या वेळीच संगणकावर उतरवून घ्याव्यात आणि प्रत्येकीवर तारीख, ठिकाण व चित्रण करणाऱ्याचे नाव लिहावे. तारीख-सही नसलेला कागद आम्ही बँकेत पुढे सरकवत नाही. आठवणींनाही तोच नियम लावू या.